बॉल सोडा, त्या पाच जणांकडे पाहा: नागपुरात बसून ऑफेन्सिव्ह लाइनमनचं करिअर कसं समजून घ्यायचं

माझा भाचा १८ वर्षांचा, उंची सहा फूट तीन इंच, वजन ११२ किलो. शाळेत त्याला सगळे जाड्या म्हणायचे, ग्राउंडवर टीम पाडताना शेवटी उरायचा. मागच्या थंडीत तो मुक्कामाला होता, मी सकाळी सहाला उठून एनएफएलची, म्हणजे अमेरिकन फुटबॉलच्या लीगची, मॅच लावली तर तोही ब्लँकेट घेऊन शेजारी येऊन बसला आणि पाच मिनिटांनी म्हणे, मामा, हे समोर वाकून बसलेले पाच जण कोण आहेत, हे तर माझ्यासारखेच दिसून राहिले. तेव्हापासून आम्ही दोघं पास फेकणाऱ्या क्वार्टरबॅककडे कमी आणि ऑफेन्सिव्ह लाइनकडे जास्त पाहतो. मला हे समजायला तीन सीझन लागले, त्याला तीन आठवडे, कारण तो बरोबर जागी पाहत होता. म्हणून जे जे कामाचं वाटलं ते इथे लिहून ठेवतो.

आधी वेळेचं. रविवारच्या पहिल्या मॅचेस आपल्याकडे रात्री साडेदहाला सुरू होतात, नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी तिकडे घड्याळं मागे जातात की साडेअकराला. त्यांची रविवार रात्रीची मॅच म्हणजे आपली सोमवार सकाळ, पाच पन्नास आणि नोव्हेंबरपासून सहा पन्नास, नोकरीवाल्याला हीच सोयीची, पहिला हाफ पाहून तर्री पोहे खाऊन ऑफिसला जाता येतं. सुपर बोल, म्हणजे फायनल, फेब्रुवारीतल्या सोमवारी पहाटे पाचच्या सुमारास असतो, त्या दिवशी सरळ सुट्टी टाका.

आता ते पाच जण. यांचं काम समोरच्यांना अडवून क्वार्टरबॅकला वाचवणं आणि बॉल घेऊन धावणाऱ्याला वाट करून देणं. मधे सेंटर, तो बॉल पायामधून मागे देतो, तोच स्नॅप, तिथून प्ले सुरू. त्याच्या दोन्ही बाजूंना गार्ड, गार्डच्या बाहेर टॅकल. नंबर साधारण ५० ते ७९ मधले असतात म्हणून ओळखायला सोपे. हे पाच जण नेहमीच्या प्लेमधे पुढे फेकलेला पास पकडायला जाऊ शकत नाहीत, नियमच आहे. म्हणजे आख्खं करिअर बॉलला हात न लावता, सेंटर सोडला तर. टीव्हीवर यांचं नाव येतं ते मुख्यतः चूक झाली की, समोरच्याला धरून ठेवलं की होल्डिंग, दहा यार्ड मागे, स्नॅपच्या आधी हलला की फॉल्स स्टार्ट, पाच यार्ड मागे. रेफरी माइकवर नंबर सांगतो, सगळं स्टेडियम ऐकतं.

मी कॉलेजात कबड्डी खेळायचो, कव्हरला. रेडरचा पाय पकडतो कॉर्नरवाला, टाळ्या त्याला, पण साखळी धरून रेडरची परतायची वाट बंद कोणी केली ते फक्त कोचला दिसतं. ऑफेन्सिव्ह लाइन समजायची तर हाच डोळा ठेवा: काय झालं ते शोधू नका, काय होऊ दिलं नाही ते शोधा. क्वार्टरबॅकला अडीच-तीन सेकंद शांततेत मिळाले ना, तर ते कोणीतरी कमावून दिलेत.

सुरुवात लेफ्ट टॅकलपासून करा, क्वार्टरबॅकच्या डाव्या हाताला सगळ्यात बाहेरचा. बहुतेक क्वार्टरबॅक उजव्या हाताने फेकतात, फेकायला वळले की डावी बाजू पाठीमागे जाते, तिकडून येणारा माणूस त्यांना दिसत नाही. १९८५ च्या नोव्हेंबरमधे वॉशिंग्टनचा क्वार्टरबॅक जो थाईझमन याला न्यूयॉर्क जायंट्सच्या लॉरेन्स टेलरने पाडलं, पाय मोडला आणि त्याचं खेळणं त्याच रात्री संपलं. टेलरसारखे क्वार्टरबॅकवर धावून येणारे वेगवान रशर आल्यावर त्या कोपऱ्यात उभ्या राहणाऱ्या माणसाची किंमत टीमांना नीट कळली आणि पगारही तसे वाढत गेले.

एक स्नॅप जवळून कसा पाहायचा ते सांगतो, बाकी सगळं यावरच आहे. बॉल हलला की नजर लेफ्ट टॅकलच्या डाव्या पायावर. तो पाय मागे-बाहेर सरकतो, जमिनीला जवळजवळ घासत, उजवा पाय त्याच्यामागे ओढत येतो, परत डावा, परत उजवा. याला किक स्लाइड म्हणतात. १४० किलोचा माणूस उलटा चालत असतो आणि समोरचा त्याच्याकडे सरळ धावत येत असतो, सगळी अडचण इथेच आहे. कंबर खाली, पाठ सरळ, डोकं मागे. आता हात पाहा. ते लगेच पुढे जात नाहीत, छातीजवळ थांबतात, कोपर आत, अंगठे वर. समोरचा हाताच्या टप्प्यात आला की एकदम दोन्ही पंजे त्याच्या छातीवर. लवकर मारले तर तो हात झटकून बाजूने निघतो, उशिरा मारले तर तो छातीत घुसतो आणि टॅकलला ढकलत ढकलत क्वार्टरबॅकच्या अंगावर नेतो. आणि सगळ्यात महत्त्वाचं, टॅकल पुढे झुकला की संपलं. ज्याचं नाक त्याच्या पायाच्या बोटांच्या पुढे गेलं त्याचा तोल दुसऱ्याच्या ताब्यात गेला, आखाड्यात वस्तादही हेच सांगतात.

वाचून हे समजत नाही, करून पाहावं लागतं. आम्ही गच्चीवर केलं. खडूने एक गोल काढला, तो क्वार्टरबॅक. भाचा गोलाच्या डाव्या पुढच्या बाजूला अर्धा बसून उभा, मी त्याच्यापासून दोन पावलं बाहेर. टाळी वाजली की मी गोलाकडे जायचं आणि त्याने मला फक्त अडवायचं, कपडा धरायचा नाही. पहिल्या चार वेळा तो माझ्यावर धावून आला आणि मी वळसा घालून गोलात पोचलो. पाचव्या वेळी मी त्याला म्हटलं, माझ्याकडे येऊच नको, माझ्या आणि गोलाच्या मधे राहा. तेव्हा तो मागे सरकत गेला, हात थांबवले, आणि मला गोलाला लागून बाहेरूनच जावं लागलं, आत पाय टाकता आला नाही. त्याच्या चेहऱ्यावर जे आलं ते मी विसरणार नाही, पहिल्यांदा त्याचं वजन त्याच्या उपयोगी पडलं होतं. १० वेळा केल्यावर मांड्या थरथरायला लागल्या. एका मॅचमधे हे लोक ६०-७० स्नॅप खेळतात, समोर माझ्यासारखा मामा नसतो. तुम्ही करणार असाल तर सावकाश करा, गच्ची ओली नको, कठड्यापासून लांब, आणि डोकं मधे आणायचं नाही म्हणजे नाही.

रन ब्लॉक, म्हणजे पास न फेकता बॉल घेऊन धावायचं असतं तेव्हाचं अडवणं, तुलनेने लवकर दिसायला लागतो, त्यात लाइन पुढे जाते, दोघं मिळून एकाला हलवतात आणि मग त्यातला एक सुटून लाइनबॅकरवर, म्हणजे समोरच्या टीमच्या मागच्या फळीतल्या माणसावर, जातो. गार्ड आपली जागा सोडून आडवा धावत गेला की त्याच्याच मागे पाहा, बॉल बहुतेक तिकडेच येऊन राहिला असतो.

सेंटरचं डोकं मात्र वेगळं. स्नॅपच्या आधी तो बोटाने एका लाइनबॅकरकडे दाखवून ओरडतो, तो ‘माइक’ (त्या लाइनबॅकरला ठेवलेलं नाव), मग पाचही जण आपापला माणूस त्याच्या हिशोबाने ठरवतात. फिलाडेल्फिया ईगल्सचा जेसन केल्सी हे ज्या पद्धतीने करायचा ते पाहण्यासारखं आहे. कॉलेजात तो स्कॉलरशिपशिवाय आला होता, लाइनमन म्हणून नव्हे, नंतर लाइनवर आला. २०११ च्या ड्राफ्टमधे, म्हणजे टीमा आळीपाळीने नवे खेळाडू निवडतात त्यात, सहाव्या राउंडला, १९१ वा, कारण सेंटरसाठी वजन कमी होतं. १३ सीझन एकाच टीमकडून, २०१८ च्या फेब्रुवारीत सुपर बोल जिंकला, २०२४ च्या मार्चमधे निवृत्त. माझ्या मते सेंटर शिकायचा तर आधी त्याच्या जुन्या मॅचेस पाहा.

करिअरचा रस्ता असा असतो. हायस्कूल, मग कॉलेज, हायस्कूल संपून तीन वर्षं झाल्याशिवाय ड्राफ्टमधे येता येत नाही. फेब्रुवारी-मार्चला इंडियानापोलिसमधे कम्बाइन नावाची चाचणी, तिथे १०२ किलोचा बार छातीवरून किती वेळा उचलतो ते मोजतात, ४० यार्ड धावायला लावतात. एप्रिलमधे ड्राफ्ट, सात राउंड. मग ट्रेनिंग कॅम्पमधून ५३ जणांच्या टीममधे यायचं, नाही जमलं तर प्रॅक्टिस स्क्वॉड, म्हणजे सरावापुरते ठेवलेले खेळाडू. नवीन खेळाडूचा कमीत कमी पगार २०२५ ला ८ लाख ४० हजार डॉलर होता, पण तो टीममधे राहिला तर. म्हणून कराराची बातमी वाचताना मोठा आकडा सोडून द्या, गॅरंटीड किती ते पाहा, बाकीचे पैसे टीमने काढून टाकलं की उडाले. आणि पेन्शनचा हक्क लागायला तीन सीझन धरावे लागतात, पहिली तीन वर्षं पोट्टे जिवाच्या आकांताने काहून खेळतात ते इथे कळेल.

टिकणं म्हणजे काय ते पाहायचं असेल तर जो थॉमस. क्लीव्हलँड ब्राउन्सने २००७ ला तिसऱ्या नंबरवर घेतला, ड्राफ्टच्या दिवशी तो वडिलांसोबत लेक मिशिगनवर मासे पकडत होता. पहिल्या मॅचपासून २०१७ च्या ऑक्टोबरपर्यंत एकही स्नॅप सोडला नाही, सलग १०,३६३. मग दंडाचा ट्रायसेप्स फाटला तेव्हा थांबला. टीम इतकी हरायची की त्याला एकही प्लेऑफ मॅच खेळायला मिळाली नाही, तरी २०२३ ला हॉल ऑफ फेममधे गेला. मला विचाराल तर या खेळातला सगळ्यात मोठा माणूस हाच, कारण हरणाऱ्या टीममधे चौथ्या क्वार्टरला कंबर खाली ठेवणं फार अवघड असतं. निवृत्त झाल्यावर त्याने २० किलोहून जास्त वजन उतरवलं. ते वजन त्याच्या नोकरीचा युनिफॉर्म होता, भूक नसताना खाऊन टिकवलेला, हे भाच्याला मी मुद्दाम सांगितलं.

वाईट बाजूही पाहा, ती लपवून या खेळावर प्रेम करता येत नाही. पिट्सबर्गचा सेंटर माइक वेबस्टर, चार सुपर बोल जिंकलेला, २००२ ला ५० व्या वर्षी गेला. शेवटची वर्षं फार हालात गेली. डॉक्टर बेनेट ओमालू यांनी त्याचा मेंदू तपासला आणि एनएफएल खेळाडूत सीटीई, म्हणजे डोक्याला वारंवार मार लागून होणारा मेंदूचा आजार, सापडल्याची ती पहिली केस. दर स्नॅपला डोकं-हेल्मेट थोडं थोडं आपटतं, मोठा मार न लागताही ते साचत जातं. म्हणून गच्चीवरचा तो डोक्याचा नियम मी मोडू देत नाही. दुसरीकडे लॉरेंट डुव्हर्ने-टार्डिफ आहे, कॅनडाचा गार्ड, खेळता खेळता मॅकगिल विद्यापीठातून डॉक्टर झाला, २०२० च्या फेब्रुवारीत कॅन्सस सिटीकडून सुपर बोल जिंकला आणि कोरोनात पुढचा सीझन सोडून क्विबेकमधे वृद्धांच्या केंद्रात कामाला गेला. डिग्री हातात असलेला लाइनमन सगळ्यात मोकळा असतो.

आता तुमच्या घरी असा थोराड पोट्टा असेल तर. आधी एक गैरसमज काढा: २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकमधे आहे तो फ्लॅग फुटबॉल, पाच-पाच जणांचा, पाडापाडी नाही, ब्लॉकिंग नाही. चांगला खेळ आहे, पण त्यात लाइन नाही. एका अकॅडमीवाल्याने आमच्याकडे फ्लॅगच्या ट्रायलला एनएफएलची ट्रायल म्हणून पैसे मागितले होते, आधी विचारपूस करा. खरा दरवाजा म्हणजे एनएफएलचा इंटरनॅशनल प्लेअर पाथवे, २०१७ पासून आहे, दुसऱ्या खेळातले तयार ॲथलीट घेतात. तयार, हा शब्द लक्षात ठेवा. त्यामुळे पोट्ट्याला मानकापूरच्या क्रीडा संकुलात गोळाफेक, थाळीफेक शिकू द्या, कुस्ती किंवा ज्युडो खेळू द्या, पायांसाठी बास्केटबॉल. हे सगळं नागपुरात होतं, आणि अमेरिका नाही झाली तरी वाया जात नाही.

त्याच दरवाजातून आलेला जॉर्डन मेलाटा पाहा. ऑस्ट्रेलियाचा, रग्बी लीग खेळायचा, सहा फूट आठ इंच, १६० किलोच्या वर, आयुष्यात अमेरिकन फुटबॉलची एकही मॅच खेळलेला नव्हता. ईगल्सने २०१८ ला सातव्या राउंडमधे २३३ व्या नंबरवर घेतला. पहिली दोन वर्षं एकाही मॅचमधे उतरला नाही, फक्त पाय आणि हात शिकत राहिला. २०२० ला संधी मिळाली, २०२४ ला तीन वर्षांचा ६ कोटी ६० लाख डॉलरचा करार झाला, २०२५ च्या फेब्रुवारीत सुपर बोल जिंकला.

तर पुढच्या सोमवारी सकाळी ईगल्सची मॅच असेल तर ती लावा, नाहीतर त्याची जुनी कोणतीही. हायलाइट्स नको, त्यात लाइन कापलेली असते, पूर्ण मॅच घ्या, एंड झोनच्या, म्हणजे मैदानाच्या टोकाच्या, मागून घेतलेला अँगल मिळाला तर उत्तमच. डावीकडे शेवटचा, नंबर ६८. पहिले दहा स्नॅप बॉल कुठे गेला ते पाहायचंच नाही, फक्त त्याचा डावा पाय.