समोरा माशेलवर भाषण करायचंय? मग हे वाचा

समोरा माशेल म्हणजे आफ्रिकेतल्या मोझांबिकचा पहिला राष्ट्राध्यक्ष. आधी नावाचं बघू. माशेल म्हणायचं, माचेल नाही, पोर्तुगीज उच्चार तसाच आहे. फक्त सर्च करताना नुसतं माशेल टाकू नका, गोव्यातल्या माशेल गावचं देवकीकृष्णाचं देऊळ आणि चिखलकाल्याचा उत्सव समोर येईल, समोरा आणि मोझांबिक दोन्ही शब्द घाला.

वक्तृत्व स्पर्धा असो की वाचनालयाचा कार्यक्रम, आफ्रिकेतला नेता झालेला सैनिक म्हटलं की बरेचजण युगांडाचा हुकूमशहा इदी अमीन उचलतात कारण किस्से भरपूर मिळतात. गोव्यात बोलताय तर माझं मत माशेललाच. एक तर आपल्यावर राज्य केलेल्या त्याच पोर्तुगालशी हा माणूस लढला, त्यात 1752 पर्यंत मोझांबिकचा कारभार गोव्याहून चालायचा, पुढेही तिथल्या सरकारी कचेऱ्यांत आपले गोंयकार कारकुनी करत होतेच, आणि शिवाय माशेलचे गोव्यात जन्मलेले सल्लागार आकिनो द ब्रागांसा आहेत, त्यांच्याकडे येतोच.

सुरुवात "29 सप्टेंबर 1933 रोजी गाझा प्रांतात जन्म झाला" अशी केलीत तर मागच्या रांगेत मोबाइल निघालेच म्हणून समजा. त्यापेक्षा कापसापासून सुरू करा. बाप शेतकरी, कापूस सक्तीने पिकवायला लावायचे आणि तोच कापूस गोऱ्या शेतकऱ्याने विकला तर भाव जास्त, पुढे पोर्तुगालहून आणलेल्या लोकांना वसवायला जमिनीही काढून घेतल्या. पोरगा शिकून राजधानीतल्या मिगेल बोंबार्दा हॉस्पिटलात नर्स झाला तर तिथेही तेच, काम सारखं आणि काळ्या नर्सचा पगार कमी. एवढं नीट सांगितलं की त्याने बंदूक का उचलली हे वेगळं सांगावं लागत नाही.

इथे एक खुलासा आधीच करून टाका, परीक्षक हमखास विचारतात. हा पगारी फौजेतला अधिकारी नव्हता आणि बंड करून सत्तेवर आला नाही. 1963 मध्ये तो बोत्स्वानामार्गे पळाला, दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदाविरुद्ध लढणाऱ्या एएनसीच्या पोरांना घेऊन निघालेल्या विमानात जागा मिळाली म्हणून टांझानियात पोचला, तिथे मोझांबिकच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या फ्रेलिमो या संघटनेत शिरला, अल्जेरियात ट्रेनिंग घेतलं आणि मग गनिमी लढाईत उतरला. वर कसा चढला ते दोन वाक्यांत उरका. 1966 मध्ये फ्रेलिमोचे लष्करप्रमुख मागाया मारले गेले आणि ती जागा याच्याकडे आली, 1969 मध्ये अध्यक्ष एदुआर्दो मोंदलाने हे पार्सल बॉम्बने गेले आणि पुढच्या वर्षी अध्यक्षपद.

तारखा पाठ होत नसतील तर 25 आकडा धरा. 25 जून 1962 फ्रेलिमोची स्थापना, 25 सप्टेंबर 1964 युद्धाला सुरुवात, 25 एप्रिल 1974 लिस्बनमध्ये लष्करानेच हुकूमशाही उलथवली, 25 जून 1975 मोझांबिक स्वतंत्र आणि माशेल पहिला राष्ट्राध्यक्ष.

भाषणाचा अर्धा वेळ मात्र 1975 च्या पुढच्या वर्षांना ठेवा, बहुतेकजण नेमकं इथेच गुंडाळतात. मुद्दा असा मांडता येतो की लढाई चालू असताना उत्तरेतल्या मोकळ्या केलेल्या भागात फ्रेलिमोने शाळा, दवाखाने, दुकानं सगळं लष्करी शिस्तीत चालवलं होतं, ते जमलं म्हणून मग अख्खा देश तसाच चालवायला घेतला. पोर्तुगीज लोक भराभर निघून गेले, त्यांच्याबरोबर बहुतेक डॉक्टरही, नव्वद टक्क्यांहून जास्त जनता निरक्षर, अशात आरोग्य, शिक्षण, जमीन आणि भाड्याची घरं सरकारच्या ताब्यात घेतली. लसीकरण आणि साक्षरतेचं काम खरंच मोठं झालं, ते सांगाच. पण विरोधकांना "सुधारण्यासाठी" छावण्यांत डांबलं, एकेकाळचा सहकारी उरिया सिमांगो याला कोर्टात उभं न करताच संपवलं, 1983 मध्ये शहरातल्या "बेकामी" लोकांना उचलून दूर उत्तरेतल्या नियासा प्रांतात नेऊन सोडलं, चाबकाचे फटके परत आणले, हेही त्याच शिस्तीचं फळ आहे, टाळ्या कमी पडतील म्हणून गाळू नका. देव करून ठेवलेला पुढारी ऐकायला कंटाळवाणाच वाटतो.

बाहेरचा दबावही सांगा नाहीतर चित्र एकांगी होतं. 1976 मध्ये ऱ्होडेशियाची (आताचं झिंबाब्वे) सीमा बंद केली, तिथूनच फ्रेलिमोविरुद्ध लढणाऱ्या रेनामो या बंडखोर संघटनेला बळ मिळालं, पुढे दक्षिण आफ्रिकेने तिला पोसलं, आणि शेवटी मार्च 1984 मध्ये माशेलला त्याच वर्णद्वेषी सरकारचा पंतप्रधान बोथा याच्याबरोबर, एकमेकांच्या बंडखोरांना मदत न करण्याच्या, न्कोमाती करारावर सही करावी लागली. करार त्या लोकांनी पाळला नाही तो नाहीच.

आता विमान. 19 ऑक्टोबर 1986, झांबियाहून परत येताना माशेलचं सोव्हिएत बनावटीचं तुपोलेव्ह विमान दक्षिण आफ्रिकेच्या हद्दीत म्बुझिनीच्या डोंगरावर आदळलं आणि तो गेला. इथे "खून झाला" असं ठोकून देऊ नका. दक्षिण आफ्रिकेच्या आयोगाने वैमानिकांना दोष दिला, सोव्हिएत बाजू म्हणाली की खोट्या सिग्नलने भरकटवलं, वर्णभेद संपल्यावर तिथेच नेमलेल्या सत्य आयोगालाही ठाम निष्कर्ष काढता आला नाही, तिन्ही म्हणणी वेगवेगळी ठेवा आणि सोडून द्या. वेळ असेल तर स्मारकाचं वर्णन करा, मेलेल्या माणसामागे एक असे 35 स्टीलचे पाइप उभे केलेत आणि त्यांना चिरा ठेवल्यात, वारा आला की त्यातून आवाज येतो.

त्याच विमानात आकिनो द ब्रागांसा होते. 1924 साली गोव्यात जन्मलेले, माशेलचे जवळचे सल्लागार, 1974 मध्ये पोर्तुगालच्या नव्या सत्ताधाऱ्यांच्या मनात काय आहे ते कळावं म्हणून माशेलने यांनाच गुपचूप लिस्बनला पाठवलं होतं. राजधानी मापुतोच्या विद्यापीठातलं आफ्रिकन अभ्यास केंद्र त्यांनी चालवलं, 1982 मध्ये तिथेच दक्षिण आफ्रिकेतल्या वर्णभेदविरोधी कार्यकर्त्या रूथ फर्स्ट लेटर बॉम्बने गेल्या तेव्हा हे त्याच खोलीत होते, जखमी झाले पण वाचले. गोव्यातल्या श्रोत्यांसाठी हा माणूस तीन-चार मिनिटांचा ऐवज आहे, पहिल्या पाच मिनिटांत खर्च करू नका. जास्त हवं असेल तर पणजीत पाटोवरच्या सेंट्रल लायब्ररीत जा आणि पोर्तुगीज येणारं घरातलं कोणी म्हातारं माणूस बरोबर घ्या, त्या काळातलं बरंच लिखाण पोर्तुगीजमध्येच आहे.

प्रश्नोत्तरांत दोन प्रश्न येणारच. मंडेलांची बायको ग्रासा माशेल ती याच माशेलची का? हो, ग्रासा ही माशेलची दुसरी बायको, 1998 मध्ये मंडेलांशी लग्न केलं. पहिली जोसिना स्वतः लढवय्यी होती, 7 एप्रिल 1971 ला गेली, तो दिवस तिथे महिला दिन म्हणून पाळतात, तिचं नावही याच उत्तरात घ्या. दुसरा प्रश्न मोझांबिकच्या झेंड्यावरच्या रायफलचा, तेव्हा सांगा की रायफलीबरोबर कुदळ आणि पुस्तकही आहे, आणि जमलं तर झेंड्याचा प्रिंट काढून खिशात ठेवा, तोंडी सांगून कोणाला पटत नाही.