धरणाकाठचा मुक्काम: सवयी ओळखून तंबू लावा

धरणाच्या काठी चाळीसेक जणांचा मुक्काम लावायचा असेल, तर ‘पाण्यात उतरू नये’ या पाटीवर भिस्त ठेवू नका. दमलेला, अर्धवट झोपेतला माणूस पाटी वाचत नाही. त्याची पावलं आपोआप सुरक्षित बाजूला वळतील अशी मांडणी हवी.

रात्री उठलेला माणूस तंबूचं दार जिकडे असेल तिकडेच चालू लागतो. म्हणून तंबू पाण्यापासून किमान ६० मीटर लांब लावा आणि पाण्याकडे त्यांची पाठ ठेवा. शौचालय पाण्याच्या विरुद्ध अंगाला, तीसेक मीटरवर, दिवा रात्रभर चालू. ते लांब किंवा अंधारात असलं की लोक जवळचं झुडूप गाठतात, आणि साप-विंचवाची गाठ तिथेच पडते. पाण्याच्या बाजूला एकही दिवा नको.

जमिनीलगतची दोरी सगळेच ओलांडतात. काठावर दोन दोर ताणा: एक ९० सेंटिमीटरवर, दुसरा ४५ वर, मध्ये पांढऱ्या चिंध्या. वाकावं लागलं की माणूस क्षणभर थांबतो; तेवढं थांबणं पुरतं.

बहुतेकांना पाण्याजवळ जायचं असतं ते फोटोसाठी. दोरांच्या अलीकडे उंचशी जागा त्यासाठी मोकळी ठेवा आणि सकाळचा चहा तिथेच द्या. खरा धोका पहाटेचा. कॅम्प लीडर झोपलेले असतात, एक जण उतरतो, त्याला काही झालं नाही हे पाहून मागोमाग पाच जण. जलाशयाच्या तळाशी गाळ असतो, जुने बांध असतात, दोन पावलांत पाणी डोक्यावर जाऊ शकतं. पाच वाजल्यापासून एकाचा पहारा हवाच.

मेअखेरीस भंडारदऱ्याला काजवे पाहायला जाणाऱ्यांना संध्याकाळी ओढ्याचं कोरडं, सपाट पात्र फार सोयीचं वाटतं. वर डोंगरात वळीव कोसळला की तेच पात्र वाहू लागतं. उजेडातच दगडांवर अडकलेला पालापाचोळा बघा. पाणी कुठवर चढतं ते त्यावरून कळतं.

शेकोटी एकच, तंबूंपासून १० मीटर लांब, ठिणग्या तंबूंवर जाणार नाहीत अशा बाजूला. ती विझवायचं काम एकाला नाव घेऊन सांगा. सगळ्यांना सांगितलं की कुणीच करत नाही. पाणी ओता, राख ढवळा, पुन्हा ओता. थंडीत उरलेले निखारे शेगडीत भरून तंबूत नेले जातात. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो, झोपेतच माणूस जातो. नुसती मनाई पुरत नाही, झोपण्याआधी प्रत्येकाला जादा पांघरूण द्या.

पोहोचल्यावर सूचनांचं भाषण नको. चहा झाला की सगळ्यांना तंबू ते शौचालय एकदा चालवून आणा आणि दोघादोघांच्या जोड्या लावून द्या. रात्री जेवताना आणि सकाळी चहाच्या वेळी प्रत्येकाने आपला जोडीदार हजर असल्याचं सांगायचं.