कॉमन काढताना कंसातला १ विसरू नका

बीजगणितात राशीचे अवयव पाडायचे (म्हणजे ती गुणाकाराच्या रूपात लिहायची) म्हटलं की बरेच जण डायरेक्ट सूत्रं आठवायला बसतात, पण त्याआधी सगळ्या पदांत कॉमन काय आहे ते बघायचं, कारण ते एकदा बाहेर काढलं की कंसात उरतं ते छोटं असतं आणि पुढे काय करायचं ते पटकन दिसतं.

हे घ्या: १२अ³ब² − १८अ²ब³ + ६अ²ब

आधी अक्षरं झाकून नुसते आकडे बघा. १२, १८ आणि ६ यांचा मसावि (तिघांनाही भाग जाणारी सगळ्यात मोठी संख्या) ६. आता अ. पहिल्या पदात तो तीनदा आहे, बाकी दोघांत दोनदाच, मग तिघांकडूनही मिळतील असे अ किती? दोनच. सगळ्यात लहान घातांक घ्यायचा म्हणतात तो यामुळेच, नियम म्हणून पाठ करायची गरज नाही, अ³ म्हणजे अ×अ×अ असं मोकळं लिहून बघा, लगेच कळतं. ब शेवटच्या पदात एकच आहे म्हणून एकच घ्यायचा. (एखादं अक्षर एका जरी पदात नसेल तर ते कॉमन नाहीच, सोडून द्या.) म्हणजे बाहेर येणार ६अ²ब.

मग प्रत्येक पदाला ६अ²ब ने भागायचं आणि येईल ते कंसात लिहायचं. पहिल्याचं २अब, दुसऱ्याचं ३ब², आणि तिसरं पद तर अख्खंच बाहेर गेलंय, मग काही उरलं नाही असं वाटून खूप जण इथेच कंस बंद करतात. प्लीज नका करू! कुठल्याही पदाला त्याच पदाने भागलं की १ येतो, शून्य नाही.

६अ²ब(२अब − ३ब² + १)

सुरुवातीला तीन पदं होती तर कंसात पण तीनच हवीत, मोजून घ्या. खात्री करायची असेल तर अ=२, ब=१ ठेवून बघा, मूळ राशी ९६ − ७२ + २४ म्हणजे ४८, आपलं उत्तर २४×(४ − ३ + १) म्हणजे पण ४८. तो १ विसरला असता तर २४ च आले असते.

घाईत कोणी फक्त २अब बाहेर काढतं, कंसात ६अ²ब − ९अब² + ३अ राहतं. ते चूक नाही पण अर्धवट आहे, कंसात अजून ३अ कॉमन आहे तो पण काढायचा, म्हणून कंस लिहिल्यावर आतल्या पदांकडे परत एक नजर टाकायचीच.

पहिलंच पद ऋण असेल तर वजा चिन्ह पण बाहेर काढलेलं बरं, फक्त मग आतली सगळी चिन्हं बदलतात: −४म² + १०म = −२म(२म − ५).

आणि कधी कधी अख्खा कंसच कॉमन असतो, ३प(क + ख) − २(क + ख) मध्ये क + ख ला एकच अक्षर समजा आणि बाहेर काढा, (क + ख)(३प − २), झालं.