वर्तुळाच्या समीकरणाचा आलेख कसा काढावा

दहावीत रेषीय समीकरणांचे आलेख काढताना क्ष, य आणि (क्ष, य) असा तक्ता करायची सवय हाताला लागलेली असते. वर्तुळापुरती ती बाजूला ठेवा. तक्ता केलात तर बहुतेक किमतींना वर्गमूळ काढावे लागते, तेही अधिक-उणे असे दोनदा, आणि बिंदू जोडून शेवटी तयार होतो बटाटा. वर्तुळाला केंद्र आणि त्रिज्या एवढेच लागते. समीकरणातून ती काढली की पुढचे काम कंपासचे.

समीकरण (क्ष − अ)² + (य − ब)² = त² या रूपात असेल, तर केंद्र (अ, ब) आणि त्रिज्या त. हे पायथागोरसचेच प्रमेय आहे: केंद्रापासून बिंदू जितका आडवा आणि जितका उभा सरकलेला, त्या दोन अंतरांच्या वर्गांची बेरीज म्हणजे त्रिज्येचा वर्ग. कंसात अधिक दिसले तर केंद्राचा तो निर्देशक उणे घ्यायचा.

पण प्रश्नात समीकरण सहसा इतके सरळ येत नाही. हे पाहा:

क्ष² + य² − ६क्ष + ४य − १२ = ०

आधी क्ष² आणि य² यांचे सहगुणक बघा. ते सारखे नसतील तर हे वर्तुळच नव्हे. सारखे पण १ नसतील, तर सगळ्या समीकरणाला त्या संख्येने भागून घ्या. इथे दोन्ही १ आहेत. आता क्ष ची पदे एकीकडे, य ची एकीकडे, स्थिरपद उजवीकडे:

(क्ष² − ६क्ष) + (य² + ४य) = १२

मग पूर्ण वर्ग करा. −६ चे निम्मे −३, वर्ग ९. ४ चे निम्मे २, वर्ग ४. हे ९ आणि ४ दोन्ही बाजूंना मिळवायचे. डावीकडे मिळवून उजवीकडे विसरणारे पुष्कळ असतात.

(क्ष − ३)² + (य + २)² = २५

केंद्र (३, −२), त्रिज्या ५. २५ नव्हे!

आता आलेख कागद. दोन्ही अक्षांवर प्रमाण एकच हवे, १ सेमी = १ एकक; नाहीतर तुमचे वर्तुळ लंबवर्तुळ होईल. हे वर्तुळ क्ष-अक्षाच्या दिशेने −२ ते ८ आणि य-अक्षाच्या दिशेने −७ ते ३ पसरते, म्हणून आरंभबिंदू कागदाच्या मधोमध न घेता थोडा डावीकडे आणि वर घ्या. केंद्र मांडा. तिथून उजवी-डावीकडे, वर-खाली पाच-पाच घरे मोजून (८, −२), (−२, −२), (३, ३) आणि (३, −७) हे बिंदू ठळक करा. कंपासचे टोक केंद्रावर रोवून, पेन्सिल यांपैकी एका बिंदूवर टेकवून फिरवा. उरलेल्या तिन्हींतून रेघ गेली नाही, तर एक तर कंपास ढिला आहे किंवा केंद्र चुकले आहे.

कंपास हाताशी नसेल तर ३-४-५ कामाला येतो. केंद्रापासून ३ घरे आडवे आणि ४ उभे, किंवा ४ आडवे आणि ३ उभे गेले की (६, २), (७, १), (०, २), (−१, १) असे आणखी आठ बिंदू मिळतात. एकूण बारा बिंदूंतून हातानेही बऱ्यापैकी गोल येतो.

उजवीकडे १० आले तर? √१० म्हणजे ३.१६, आणि पट्टीवर ते नेमके धरणे कटकटीचे. त्यापेक्षा १० = १² + ३² हे वापरा: केंद्रापासून १ घर आडवे, ३ उभे जा आणि पेन्सिल तिथेच टेकवा. १३ साठी २ आणि ३. ७ मात्र दोन पूर्णांकांच्या वर्गांची बेरीज होत नाही, तिथे २.६५ घेऊन अंदाजानेच भागवायचे.

उजवीकडे शून्य उरले तर आलेख म्हणजे फक्त एक बिंदू. उणे संख्या उरली तर आधी आकडेमोड पुन्हा तपासा. ती बरोबर असेल तर काढण्यासारखे वर्तुळच नाही, तसे लिहून मोकळे व्हा.