जर्मन डबिंगमध्ये यायचं असेल तर

जर्मनमध्ये मुलगा वडिलांना 'डू' म्हणतो, म्हणजे सरळ 'तू'. 'झी' हे आदराचं सर्वनाम परक्या माणसासाठी, साहेबासाठी, दुकानदारासाठी. घरात कुणी कुणाला 'झी' म्हणत नाही. आणि बर्लिनमध्ये मला मिळालेलं पहिलं पैशाचं काम होतं एका हिंदी चित्रपटाचं जर्मनमध्ये कच्चं भाषांतर, ज्यात मुलगा अडीच तास वडिलांना 'आप' म्हणतो.

मी पानोपानी टिपा लिहिल्या. 'इथे मुलगा आदरानं बोलतोय.' 'इथेही.' एका दृश्यात तो पहिल्यांदाच वडिलांना उलट बोलतो, पण 'आप' सोडत नाही. तिथे मी चार ओळींची टीप लिहिली. त्या दृश्याच्या दिवशी दिग्दर्शिकेनं मला स्टुडिओत बोलावून घेतलं. कच्चं भाषांतर करणाऱ्याला असं सहसा कुणी बोलावत नाही. माईकसमोर उभ्या असलेल्या नटानं मला एकच प्रश्न विचारला, "हा आदर भीतीचा आहे की प्रेमाचा?" मी म्हटलं, दोन्हींचा, आणि आज त्याला दोन्हींचा राग आलाय. त्यानं तो तुकडा पुन्हा एकदा पडद्यावर पाहिला. मग 'पापा' म्हणायच्या आधी श्वास अर्ध्यात थांबवला आणि सगळं वाक्य छातीतल्या खालच्या सुरात, शेवट वर न नेता संपवलं. तोंडात 'डू'च होता. मला मात्र 'आप' ऐकू आला.

रानडे इन्स्टिट्यूट किंवा मॅक्स म्युलर भवनात जर्मन शिकणारी पुण्याची मुलं-मुली मला विचारतात, "ताई, जर्मनची बी-टू परीक्षा झालीय, आवाज चांगला आहे असं सगळे म्हणतात, जर्मनीत डबिंगमध्ये शिरता येईल का?" त्यांना उत्तर देताना मला दर वेळी तो अर्धा श्वास आठवतो. चांगला आवाज ही इथे पात्रता धरली जात नाही. हे काम करणाऱ्याला जर्मनमध्ये 'झ्युन्क्रोनशाउश्पीलर' असंही म्हणतात, त्यातच 'शाउश्पीलर', म्हणजे नट, बसलेला आहे. डबिंग हा इथे नटाच्या कामाचा एक भाग आहे. नाटक, टीव्हीवरच्या भूमिका, रेडिओनाट्य, ऑडिओबुक आणि डबिंग या सगळ्यांतून मिळून एका माणसाचं पोट भरतं.

उदाहरणं बघा. थोमास डानेबेर्ग (१९४२–२०२३) हे अर्नोल्ड श्वार्झनेगर आणि सिल्व्हेस्टर स्टॅलोन या दोघांचाही जर्मन आवाज होते. टेरेन्स हिल आणि जॉन ट्रॅव्होल्टाचाही. गळा एकच, पण श्वार्झनेगर ऐकताना स्टॅलोन आठवत नाही. हुबेर्टुस बेंग्श रिचर्ड गेअरचा जर्मन आवाज म्हणून माहीत आहेत, आणि १९८१ च्या 'दास बूट'मध्ये पाणबुडीवरचा तो कडक इस्त्रीचा पहिला अधिकारी तेच आहेत. आपल्याला सगळ्यांत जवळचं उदाहरण पास्काल ब्रॉयरचं. म्युनिकमध्ये १९६६ साली जन्मलेला, रंगभूमी आणि टीव्हीवर काम करणारा हा नट. भाऊ जाकही नटच होता. २००४ मध्ये आरटीएल टू या वाहिनीनं 'कभी खुशी कभी गम' जर्मनमध्ये दाखवला आणि तिथून हिंदी चित्रपटांची जी लाट आली, तिच्यात शाहरुख खान जर्मन घराघरांत ब्रॉयरच्या आवाजात बोलला. गाणी हिंदीच ठेवली होती, खाली जर्मन अक्षरं. माझ्या इमारतीतल्या एका आजींना शाहरुखचा खरा आवाज ऐकवला तेव्हा त्या हिरमुसल्या. त्यांचा शाहरुख वेगळाच होता.

तेव्हा आधी अभिनयाचं शिक्षण. बर्लिनची एर्न्स्ट बुश ही त्यातली नावाजलेली सरकारी संस्था; तिची मुळं १९०५ मध्ये माक्स राइनहार्टनं काढलेल्या नाट्यशाळेत आहेत. म्युनिकला ओटो फाल्केनबेर्ग, एसेन-बोखुमला फोल्कवांग, शिवाय हँबुर्ग, लाइपझिग, रोस्टॉक. शिक्षण साधारण चार वर्षांचं. बर्लिनच्या सरकारी संस्थेत शिकवणीची फी नाही, सत्राची वर्गणी तेवढी भरायची. पण जागा हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या आणि अर्ज शेकड्यांनी. प्रवेशासाठी दोन-तीन स्वगतं पाठ करून सादर करायची असतात, एखादं जुन्या अभिजात नाटकातलं, एखादं आजचं. परीक्षक मध्येच थांबवून 'आता हेच बसून, कुजबुजत करा' म्हणतात. बदल करता येतो का, एवढंच त्यांना बघायचं असतं. पाठ केलेलं जसंच्या तसं पुन्हा म्हणणारी मुलं तिथेच गळतात.

खाजगी शाळाही पुष्कळ आहेत आणि काही उत्तम आहेत. मी मात्र घाईत चुकीच्या दारात गेले. चार शनिवार-रविवारांचा 'डबिंग कोर्स', शेवटी स्टुडिओशी ओळख करून देण्याचं तोंडी आश्वासन, आणि माझी दोन महिन्यांची शिल्लक गेली. ओळख कुणाशीच झाली नाही. कोर्स करू नका असं मी म्हणत नाही, माईकसमोर उभं राहायची सवय होते. पण कामाचं आश्वासन देणाऱ्या कोर्सला पैसे देऊ नका. काम देणं शिकवणाऱ्याच्या हातात नसतंच, ते दिग्दर्शक आणि स्टुडिओ ठरवतात.

आता उच्चार. इथे मी गोड बोलणार नाही. श्वार्झनेगरची मातृभाषा जर्मन आहे, तरी ऑस्ट्रियातल्या श्टायरमार्कच्या त्याच्या हेलामुळे जर्मन आवृत्तीत आवाज डानेबेर्गचाच राहिला. यावरून किती साफ जर्मन लागतं त्याचा अंदाज घ्या. थिओडोर झीब्सनं १८९८ मध्ये रंगभूमीचे उच्चार ठरवून दिले, त्या प्रमाण उच्चारांचा वारसा अजून चालतो. मराठी जिभेला अडणाऱ्या जागा मला सहा महिने खर्च करून कळल्या, तुमचे वाचावेत म्हणून सांगते. आपण शब्द एकमेकांत मिसळतो. 'एर इस्ट आउख आल्ट' हे आपल्या तोंडून 'एरिस्टाउखाल्ट' येतं. जर्मन माणूस स्वरानं सुरू होणाऱ्या प्रत्येक शब्दाआधी गळ्यात एक बारीक खटका घेतो. तो खटका नसेल तर बाकी सगळं बरोबर असूनही परकेपणा लगेच कळतो. दुसरं, शब्दाच्या शेवटचा 'ड' हा 'ट' होतो: लिहितात 'हुंड', म्हणतात 'हुंट'. तिसरं, आपला 'ट' जीभ मागे वळवून येतो, त्यांचा दातांमागच्या हिरडीवर आणि श्वास सोडत. चौथं, 'वासर'मधला 'व' वरचे दात खालच्या ओठाला लावून. दातांत बुचाचा तुकडा धरून रोज पंधरा मिनिटं मोठ्यानं वाचायचं, मग बूच काढून तेच वाचायचं. नाट्यशाळांतला हा जुना व्यायाम अजून उपयोगी पडतो.

स्टुडिओत प्रत्यक्ष काय चालतं ते नव्या माणसाला माहीत असलेलं बरं. चित्रपटाचे काही सेकंदांचे तुकडे पाडलेले असतात, त्याला टेक म्हणतात. कच्च्या भाषांतरावरून संवादलेखक ओठांना बसेल असा मजकूर लिहितो. प, ब, म आले की ओठ मिटतात, त्यामुळे जवळून घेतलेल्या चेहऱ्यावर तिथे मिटणारंच अक्षर लागतं. 'पिताजी'ला 'फाटर' घातलं तर जर्मन 'फ'साठी ओठ मिटत नाहीत, म्हणून 'पापा'. 'माँ'ला 'मामा' अगदी चपखल बसतं, कारण जर्मनमध्ये मामा म्हणजे आई. नट मूळ आवाज कानात ऐकतो, टेक एक-दोनदा बघतो आणि बोलतो. दिग्दर्शक अभिनय बघतो, ध्वनिमुद्रक आवाज, आणि कटर, म्हणजे संकलक, ओठांचा मेळ. पूर्वी दोन-तीन नट एकत्र उभे राहून प्रसंग करायचे. आता बहुतेक वेळा प्रत्येकाचं वेगळं ध्वनिमुद्रण होतं, त्याला तिथली माणसं 'इक्सेन' म्हणतात. म्हणजे समोरच्याचं वाक्य अजून बोललंच गेलेलं नाही आणि तुम्ही त्याला उत्तर देताय. मला हे या कामातलं सगळ्यांत कठीण वाटतं. रंगमंचावर समोरच्याचं ऐकायची सवय ज्याला लागली आहे, त्यालाच ते रिकाम्या खोलीत जमतं.

सुरुवात गर्दीपासून होते. बाजारातला गलका, पार्टीतलं हसणं, 'पोलीस आले!' अशी एक आरोळी. ही कामं कमी लेखू नका. दिग्दर्शक तिथेच हेरतात की हा मुलगा वेळेवर येतो, सूचना पहिल्या झटक्यात घेतो, दुसऱ्याच्या टेकमध्ये कागद वाजवत नाही. मानधनाचे दोन भाग असतात, नुसतं येण्याचे ठरावीक पैसे आणि मग टेकमागे काही युरो. नवशिक्याचे बरेच दिवस तीन-चार टेकचे असतात. सगळ्यांत जास्त स्टुडिओ बर्लिनमध्ये आहेत, खालोखाल म्युनिक आणि हँबुर्ग. विकेंडला लांबून येऊन हे होत नाही, त्या गावातच राहावं लागतं, कारण फोन आदल्या संध्याकाळी येतो.

टीव्हीचं थोडक्यात सांगते. एका दिवसाची भूमिका, मग दोन दिवसांची. रविवारी रात्री सव्वाआठला लागणारी 'टाटओर्ट' ही गुन्हेतपासाची मालिका १९७० पासून चालू आहे, पॉट्सडामच्या बाबेल्सबेर्गमध्ये चित्रित होणारी एक रोजची मालिका १९९२ पासून, त्यामुळे छोट्या भूमिका सतत लागतात. आपल्या रंगाच्या माणसाला डॉक्टर, टॅक्सीवाला, आयटीतला शेजारी अशा भूमिका मिळतात. पूर्वीपेक्षा चित्र बदललंय, पुरेसं बदललेलं नाही, आणि मला त्याचं वाईट वाटतं. तरी कॅमेऱ्यासमोरचा प्रत्येक दिवस तुमच्या कामाच्या नमुन्यांच्या चित्रफितीत जमा होतो आणि डबिंगचे दिग्दर्शकही ती फीत बघतात.

कागदपत्रांचं आधी बघा. विद्यार्थी व्हिसावर वर्षाला १४० पूर्ण दिवस नोकरी करता येते, पण स्वतंत्र व्यावसायिक म्हणून बिल लावायचं असेल तर परदेशी नागरिक कार्यालयाची वेगळी परवानगी लागते. ती नसताना बिल लावणं व्हिसावर बेतू शकतं. स्वतंत्र कलाकारांसाठी केएसके ही सामाजिक विम्याची व्यवस्था १९८३ पासून आहे. तुमचा अर्धाच हप्ता तुम्ही भरता, पण कलेतून वर्षाला ३९०० युरोंच्या वर कमाई दाखवावी लागते. सुरुवातीच्या वर्षांत त्यातून सूट आहे. जीव्हीएल या संस्थेशी करार करा, त्याला पैसे पडत नाहीत. तुमचं काम पुन्हा प्रसारित झालं की त्याचा वाटा तिथून येतो, पण कुठल्या चित्रपटात काय केलं हे तुम्हाला स्वतः नोंदवावं लागतं. पहिल्या दिवसापासून वही ठेवा. माझ्या पहिल्या दोन वर्षांची नोंद नाही, ते पैसे कधीच आले नाहीत.

आणि करारातलं प्रत्येक कलम वाचा, विशेषतः यंत्राला शिकवण्यासाठी आवाज वापरण्याचं. ब्रूस विलिसचा जर्मन आवाज असलेले मानफ्रेड लेहमान यांच्या आवाजाची कृत्रिम बुद्धिमत्तेनं केलेली नक्कल एकानं आपल्या दोन व्हिडिओंत वापरली. २०२५ मध्ये बर्लिनच्या न्यायालयानं त्याला ४००० युरो द्यायला लावले. लेहमान यांचा आवाज देशभर ओळखीचा आहे, त्यांना कोर्टात जाता आलं. नवशिक्याच्या हातात फक्त सही करण्याआधीचा तो एक दिवस असतो. समजत नसेल तर नटांची संघटना बीएफएफएस आहे, सभासद होऊन विचारा.

मग आपल्याला नेमकं काय जमेल? जन्मापासून जर्मन न बोललेल्या माणसाला मुख्य भूमिकेचं डबिंग मिळणं फार कठीण आहे, हे मी पंधरा वर्षं इथे राहून सांगतेय. पण हिंदी-मराठीतून कच्चं भाषांतर, परदेशी हेल मुद्दाम हवा असलेल्या छोट्या भूमिका, भारतीय भाषांतले ऑडिओ गाइड, माहितीपटांसाठी मुलाखती ऐकून उतरवणं, हे सगळं आहे आणि ते नीट करणारी माणसं कमी आहेत. मराठी तर फारच कमी जणांना येतं.

गेल्या हिवाळ्यात विदर्भातल्या कापूस शेतकऱ्यांवरच्या एका माहितीपटाचं काम माझ्याकडे आलं. एक बाई घराच्या उंबऱ्यावर बसून नवऱ्याच्या कर्जाबद्दल बोलते. मध्ये ती थांबते, पदरानं डोळे न पुसता मुलाला "भाकर खाल्ली का?" विचारते आणि पुन्हा कर्जावर येते. माहितीपटात मूळ आवाज पुसत नाहीत. जर्मन आवाज एक-दोन सेकंद उशिरा सुरू होतो आणि मूळ आवाजाच्या जरा आधी थांबतो. जर्मन नटी साठीची होती, नाटकात आयुष्य घालवलेली. तिनं मला ते वाक्य पाच वेळा मराठीत म्हणायला लावलं. मग दिग्दर्शकाला म्हणाली, "हे मी बोलणार नाही. इथे तिचाच आवाज राहू दे, मी पुढच्या वाक्याला येते." दिग्दर्शकानं होकार दिला. जर्मन टीव्हीवर ते वाक्य तसंच गेलं, मराठीत.