नाणेघाटात नागनिकेचा लेख कसा बघायचा

नाणेघाटात जाणारे बहुतेक जण उलटा धबधबा बघतात, नानाचा अंगठा म्हणतात त्या सुळक्यावर फोटो काढतात आणि गुहेत जरा सावलीला बसून निघतात. त्याच गुहेच्या भिंतींवर सातवाहन राणी नागनिकेचा दोन हजार वर्षांपूर्वीचा लेख आहे हो, तो बघितल्याशिवाय परत येऊ नका.

पावसाळ्यात जाऊ नका, धुक्यात अक्षरं दिसतच नाहीत, थंडीत जा. कल्याणहून मुरबाड-माळशेज रोडने वैशाखरे, तिथून जंगलातनं चढ, दोन-तीन तास धरा. चढणं जमत नसेल तर जुन्नरहून घाटघरमार्गे गाडी वरपर्यंत येते, मग घळीतून थोडं खाली उतरलं की गुहा. टॉर्च हवाच. आणि लेख ज्या लिपीत आहे त्या ब्राह्मीचा अक्षरतक्ता घरूनच मोबाईलवर सेव्ह करा, तिथे रेंजचा काही भरवसा नाही.

आत शिरलं की आधी मागची भिंत. तिथे राजघराण्यातल्या माणसांच्या मूर्ती होत्या, आता जेमतेम पायांच्या खुणा उरल्यात, पण वरची नावं आहेत. पहिला सातवाहन राजा सिमुक, त्याच्यानंतर बघा, 'देवि नायनिकाय रञो च सिरि सातकनिनो', म्हणजे राणी नागनिका आणि राजा सातकर्णी, आणि राणीचं नाव आधी! ब्राह्मी येत नसली तरी हे सापडतं, न म्हणजे उलटा इंग्रजी टी आणि क म्हणजे बेरजेचं चिन्ह, या दोघांवर नजर ठेवून हळूहळू पुढे सरका.

मग बाजूच्या भिंती, सुरुवात डावीकडून. टॉर्च समोरून मारला तर सगळं सपाट दिसतं, भिंतीला चिकटवून तिरका धरा, खाचांत सावली पडते आणि अक्षर उठून येतं. वरच्या ओळीत इंद्र, संकर्षण-वासुदेव (म्हणजे बलराम-कृष्ण), चंद्र-सूर्य यांना नमन आहे, पुढे राणी स्वतःबद्दल सांगते, महारठीची म्हणजे मोठ्या सरदाराची मुलगी, महिना-महिना उपवास करणारी, घरात राहून तपस्विनीसारखी जगणारी. उजवीकडे अश्वमेध वगैरे यज्ञांतली दक्षिणा, गायी, घोडे, हत्ती, कार्षापण नाणी, एका ठिकाणी तर २४,४०० कार्षापण, तेही आकड्यांत कोरलेले. भारतातल्या सगळ्यात जुन्या आकड्यांपैकी हे आहेत, त्यामुळे इथे घाई नकोच.

खडू, पाणी, हात काहीच लावू नका, दगड आधीच खूप झिजलाय. तासभर तरी ठेवा, आणि शक्यतो रविवार सोडून जा.