घटस्फोटाची वचनं कुणासोबत वाचायला बसाल तेव्हा

माझ्या नणंदेची मुलगी ऐरोलीहून आमच्या चरईच्या घरी आली, त्याला आता बारा वर्षं झाली. जूनचा पहिला पाऊस होता. ओल्या ओढणीनं तिनं डावा दंड झाकून घेतला होता. मी चहा टाकला, स्टीलच्या पेल्यात तिच्यापुढे ठेवला आणि तिचं अर्धंही सांगून व्हायच्या आत म्हणाले, “अगं, देवाने जे जोडले आहे ते माणसाने तोडू नये.” ती गप्प बसली. थोड्या वेळानं “मामी, निघते” म्हणून उठली. पेला तसाच भरलेला, वर साय धरलेली. दंडावर काय होतं ते मला दोन महिन्यांनी कळलं.

माझं माहेर नगरचं, प्रॉटेस्टंट. सासर ठाण्याचं, कॅथलिक. रोज रात्री आईच्या मांडीवर बायबल असायचं, ते आता माझ्याकडे आहे. मत्तयाच्या शुभवर्तमानातल्या, म्हणजे येशूच्या चरित्रातल्या, एकोणिसाव्या अध्यायातल्या सहाव्या ओवीखाली, याच वाक्याखाली, तिनं पेन्सिलीनं रेघ मारलेली आहे. फक्त त्या एका ओवीखाली. मला वचन पाठ होतं, अध्याय माहीत नव्हता. त्यानंतर मी तो वाचायला शिकले, दोन्हीकडच्या जाणत्या माणसांना विचारत. आता लग्न मोडलेलं किंवा मोडायला आलेलं कुणी घरी आलं, तर आम्ही कसं बसतो ते लिहिते आहे.

बायबल उघडण्याआधी एकच प्रश्न विचारा: घरी मारहाण होते का? हो म्हणाली तर पुस्तक बाजूला ठेवा. आधी तिची आणि मुलांची राहायची सोय बघा, गरज पडली तर ११२ ला फोन करा. घरगुती हिंसाचाराविरुद्धचा २००५ चा कायदा ख्रिस्ती बाईलाही तितकाच लागू आहे. “पण चर्च काय म्हणेल?” हा तिचा पुढचा प्रश्न असतो, म्हणून उत्तर तयार ठेवा. कॅथलिक चर्चच्या १९८३ च्या कायदेसंहितेत ११५३ वं कलम आहे. जोडीदारामुळे दुसऱ्याच्या किंवा मुलांच्या शरीराला वा आत्म्याला गंभीर धोका असेल, तर वेगळं राहायला ते रास्त कारण ठरतं. एरवी त्यासाठी बिशपांचा हुकूम लागतो. उशीर करण्यात धोका असेल, तर आपल्या अधिकारात आधी निघता येतं. लग्नाचं बंधन तेवढ्यानं सुटत नाही, पण मार खात त्या घरात राहिलंच पाहिजे असं चर्चनं कुठेही लिहिलेलं नाही. आणि जुन्या करारातल्या मलाखी संदेष्ट्याचं दुसऱ्या अध्यायातलं सोळावं वचन कुणी तोंडावर फेकलं, की देवाला सूटपत्राचा, म्हणजे घटस्फोटाच्या कागदाचा, तिटकारा आहे, तर त्यांना ती ओवी पुरी वाचायला सांगा. त्याच ओवीत जुलूम करणाऱ्याचाही तिटकारा आहे.

मग एक शंभर पानी वही घ्या आणि उतारे हातानं उतरवून काढा: मार्क १०, मत्तय ५ आणि १९, लूक १६ मधली अठरावी ओवी, आणि प्रेषित पौलाच्या करिंथकरांस पहिल्या पत्राचा सातवा अध्याय. झेरॉक्स नको. लिहिताना हात अडतो तिथे डोळा थांबतो. जिच्यासाठी बसलो आहोत तिनंच लिहावं, आपण वाचून दाखवावं.

उतारे शेजारी शेजारी आले की फरक आपोआप दिसतात. मार्कात आणि लूकात येशू सरसकट बोलतो: टाकून दुसरी केली तर तो व्यभिचार. मत्तयात दोन्ही ठिकाणी “जारकर्माच्या कारणावाचून” अशी सूट आहे. मार्कात बायकोनं नवऱ्याला टाकल्याचाही उल्लेख आहे, कारण रोमी कायद्यात बाईलाही सोडता येत होतं. यहुदी रिवाजात सूटपत्र देणं नवऱ्याच्या हातात होतं. जारकर्म म्हणजे नक्की काय, यावर मंडळ्यांचे मार्ग दीड हजार वर्षांहून अधिक काळ वेगळे झालेले आहेत. ते भांडण आपल्या स्वयंपाकघरात सोडवायला जाऊ नका.

प्रश्न कुणी विचारला, हे मात्र सोडू नका. मत्तय १९ मध्ये परूशी, म्हणजे नियमशास्त्र काटेकोर पाळणारे यहुदी, येऊन येशूला विचारतात: कोणत्याही कारणानं बायकोला टाकणं योग्य आहे का? त्या काळी यहुदी शास्त्र्यांत मोशेच्या नियमशास्त्रातल्या “अनुवाद” नावाच्या पुस्तकाच्या चोविसाव्या अध्यायावरून दोन पक्ष होते. शम्मायचे लोक म्हणत, फक्त बदफैलीसाठी. हिल्लेलचे लोक म्हणत, तिनं नवऱ्याचं जेवण बिघडवलं तरी पुरे. भाजी करपली आणि बाई रस्त्यावर! वचन या वादात आलेलं आहे. येशू मोशेच्या सूटपत्राचं कारणही सांगतो: तुमच्या मनाच्या कठोरपणामुळे. हे तो पुरुषांना बजावतो आहे, कारण त्या वादात टाकणारा हात पुरुषाचाच होता.

इथे आपली मराठी उपयोगी पडते. आपल्या बायबलात या ठिकाणी क्रियापद आहे “टाकणे”. आमच्या नगरकडे नवऱ्यानं सोडलेल्या बाईला आजही “टाकलेली” म्हणतात. “तिला टाकली” एवढं म्हटलं की गावाला सगळं समजतं. हा शब्द वहीत लिहिताना मी प्रत्येकीला थांबवते आणि विचारते, इथे येशू कुणाच्या बाजूनं उभा आहे? माझी भाची पुढे जेव्हा बसली, तेव्हा तिनं त्या शब्दावर बोट ठेवलं आणि बराच वेळ उचललं नाही. जे वाक्य मी तिला उंबऱ्यावर अडवायला वापरलं, ते टाकल्या जाणाऱ्या बाईची ढाल म्हणून बोललं गेलं होतं.

आता पौल. करिंथचं हे पत्र चारही शुभवर्तमानांच्या आधीचं आहे, साधारण इ. स. ५५ च्या सुमाराचं. सातवा अध्याय वाचताना समासात दोन खुणा करत जा: “प्र” आणि “मी”. दहाव्या ओवीत पौल म्हणतो, ही आज्ञा माझी नाही, प्रभूची आहे: पत्नीनं पतीला सोडू नये. तिथे “प्र”. अकराव्या ओवीत तो मान्य करतो की एखादी वेगळी होईलही. तिनं पुन्हा लग्न न करता राहावं किंवा नवऱ्याशी समेट करावा. वेगळी झालेली बाई पहिल्या शतकातल्या मंडळीतही होती! बाराव्या ओवीत तो म्हणतो, आता हे मी सांगतो, प्रभू नाही. तिथे “मी”. अविश्वासी जोडीदार नांदायला राजी असेल तर सोडू नका. तो निघूनच गेला तर भाऊ किंवा बहीण बांधलेली नाही. पंचविसाव्या ओवीत अविवाहितांविषयी: प्रभूची आज्ञा माझ्याकडे नाही, मत देतो. प्रेषित इतकी काळजी घेतो की देवाचं कुठलं आणि आपलं कुठलं हे वेगळं ठेवतो. आपण नातेवाईक आपलं मत सरळ देवाच्या नावावर खपवतो.

बाराव्या ओवीपाशी मी नगरची गोष्ट सांगते. कवी नारायण वामन टिळकांनी १८९५ साली बाप्तिस्मा घेतला, त्यांची पत्नी लक्ष्मीबाई हिंदूच राहिल्या. काही वर्षं दोघं वेगळी. १८६६ च्या एका कायद्यानं, धर्मांतरामुळे जोडीदार नांदत नसेल तर ख्रिस्ती झालेल्याला लग्न मोडून घेण्याची वाट ठेवली होती, आणि तिच्या मुळाशी पौलाच्या याच ओव्या होत्या. टिळक त्या वाटेनं गेले नाहीत. पुढे दोघं पुन्हा एकत्र नांदली आणि १९०० साली लक्ष्मीबाईंनीही बाप्तिस्मा घेतला. लहानपणी ही गोष्ट मी इतक्यांदा ऐकली की ती घरातलीच वाटते. पण ती सांगताना जपा. टिळकांनी वाट पाहिली म्हणजे प्रत्येकीनं पाहावी, असा तिचा दंडा करू नका. तिथे हात उगारला जाण्याचा प्रश्न नव्हता.

यानंतर तिच्या मंडळीप्रमाणे कागदाचं काम. पाळकांकडे जाणाऱ्या प्रॉटेस्टंट घरांत हे तुलनेनं सरळ असतं. सोळाव्या शतकातल्या ल्यूथरच्या काळापासून तिकडे लग्न पवित्र, पण साक्रामेंत, म्हणजे बाप्तिस्म्यासारखा संस्कार, नाही; व्यभिचार आणि टाकून जाणं ही कारणं बहुतेक मंडळ्यांनी मानली. पुनर्विवाह लावायचा की नाही हे त्या त्या मंडळीच्या नियमांवर, म्हणून पाळकांना आधी भेटा. ऑर्थोडॉक्स लोक मूळ नियम तोच ठेवून माणसाच्या दुबळेपणाकडे बघून दुसरं लग्न लावतात, त्या विधीत पश्चात्तापाच्या प्रार्थना असतात.

कॅथलिकांचं सविस्तर सांगावं लागतं, कारण गैरसमज तिथे फार. दोन बाप्तिस्मा झालेल्यांचं, रीतसर लागलेलं आणि शरीरसंबंधानं पूर्ण झालेलं लग्न मृत्यूशिवाय सुटत नाही, ही शिकवण. “अ‍ॅनलमेंट” म्हणजे चर्चचा घटस्फोट नाही. लग्न लागलं त्या दिवशी काहीतरी मुळातच कमी होतं का, हे तिथे तपासतात: धाक घालून होकार घेतला होता का, मोठी फसवणूक झाली होती का, लग्नाचा अर्थ पेलण्याची मानसिक कुवत होती का. आधी आपल्या पॅरिशच्या फादरांना भेटा, ते धर्मप्रांताच्या ट्रायब्युनलचा, म्हणजे चर्चच्या न्यायालयाचा, रस्ता सांगतात. ठाणे आणि नवी मुंबई मुंबईच्या आर्चडायोसिसमध्ये, म्हणजे धर्मप्रांतात, येतात. बाप्तिस्म्याचा आणि लग्नाचा दाखला, कोर्टाचा हुकूमनामा असेल तर तो, आपली हकीकत लिहून, आणि लग्नाआधीपासून ओळखणारे साक्षीदार, एवढी तयारी ठेवा. हकीकत लिहिताना भर लग्नानंतरच्या भांडणांवर देऊ नका. लग्नाआधीचे महिने आणि लग्नाचा दिवस आठवून लिहा. पूर्वी दोन ठिकाणी सारखा निकाल लागावा लागे; पोप फ्रान्सिस यांच्या सुधारणेनं ८ डिसेंबर २०१५ पासून एक निकाल पुरतो. मुलं अनौरस ठरत नाहीत, हे आईला दोनदा सांगा. पहिल्यांदा तिला ते खरं वाटत नाही.

सरकारी बाजू वेगळी. चर्चच्या निकालानं कायद्यातलं लग्न सुटत नाही; सर्वोच्च न्यायालयानं २०१७ मध्ये हे स्पष्ट केलं. १८६९ च्या घटस्फोट कायद्यात २००१ च्या दुरुस्तीनं संमतीचा घटस्फोट आला, त्यात दोन वर्षं वेगळं राहिल्याची अट आहे. पुढचं वकिलाला विचारा.

आणि सगळ्यात महत्त्वाचं. घटस्फोट झालेली, पण दुसरं लग्न न केलेली कॅथलिक व्यक्ती कम्युनियन, म्हणजे मिस्सेतली पवित्र भाकर, घेऊ शकते. निव्वळ घटस्फोट ही आडकाठी नाही. माझ्या भाचीला कुणीतरी उलट सांगितलं होतं, आणि चार वर्षं ती मिस्साच्या वेळी गुडघे एका बाजूला वळवून बाकावरच बसून राहायची, पुढे जाणाऱ्यांना वाट देत. कळलं त्या रविवारी ती माझ्या पुढे रांगेत उभी होती.

शेवटी मत्तय १९ पुन्हा उघडा. बहुतेक जण नवव्या ओवीला थांबतात. दहावी ते बारावी वाचा. शिष्य घाबरून म्हणतात, असं असेल तर लग्न न केलेलं बरं. येशू उत्तर देतो की हे सगळ्यांना पेलत नाही, ज्यांना दिलं आहे त्यांनाच; कुणी स्वर्गाच्या राज्यासाठी तसं राहतं. ब्रह्मचर्याची शिकवण घटस्फोटाच्या उत्तराला लागूनच येते. पौलही त्याला कृपादान म्हणतो, आणि लग्नालाही.

फादर लग्न का करत नाहीत, हा प्रश्न इथे हटकून निघतो. पेत्राला सासू होती, मार्काच्या पहिल्याच अध्यायात तिचा ताप उतरतो. धर्मगुरूंचं ब्रह्मचर्य हा लॅटिन चर्चचा, म्हणजे आपल्याकडच्या बहुतेक कॅथलिकांच्या चर्चचा, शिस्तीचा नियम. ११३९ च्या दुसऱ्या लॅटरन परिषदेनं धर्मगुरूंची लग्नं रद्दबातल ठरवली. नवी मुंबईतल्या मल्याळी ऑर्थोडॉक्स शेजाऱ्यांच्या अच्चनना, म्हणजे धर्मगुरूंना, बायकामुलं असतात, बिशप मात्र ब्रह्मचारी. इतकं पुरे.

जास्त वेळ या ओव्यांवर द्या, कारण समोरची बाई उरलेलं आयुष्य एकटीनं काढण्याच्या विचारानं खचलेली असते, आणि आपल्या घरांत “तिचं लग्नाचं राहिलं” हे वाक्य दुखण्यासारखं बोललं जातं. एकटं राहणं आणि देवासाठी एकटं राहणं यांतला फरक तिचा तिला ठरवू द्या. तिच्यावर ब्रह्मचर्य लादू नका, दुसरं स्थळही लगेच सुचवू नका.

एका बैठकीत हे संपत नाही; आम्हाला तीन-चार रविवार लागतात. वही तिच्याकडेच राहू द्या. आणि ती बोलत असताना चहा निवला, तर काही न म्हणता दुसरा टाका.